कामामागे जाणारी लोकसंख्या

पिंपरी-चिंचवड महानगरपालिकेच्या हद्दीत २००१च्या जनगणनेत सुमारे १० लाख १० हजार माणसं होती. २०११ मध्ये ती १७ लाख २७ हजार झाली. एवढे दोनच आकडे हाती असताना २०३१ साली या शहरात किती माणसं राहत असतील, याचा हिशेब मांडायच्या दोन सोप्या रीती आहेत. पहिलीत दहा वर्षांत सात लाखांवर माणसं वाढली, पुढच्या प्रत्येक दशकातही तेवढीच वाढतील असं धरायचं. उत्तर येतं साधारण ३२ लाख. दुसरीत दशकभरात लोकसंख्या १.७ पट झाली, पुढेही दर दशकात तेवढीच पट होईल असं धरायचं. उत्तर येतं ५० लाख. पाणीपुरवठ्याच्या योजना आखणाऱ्या अभियंत्यांसाठी केंद्र सरकारने काढलेल्या नियमपुस्तिकेत या दोन्ही रीती एकापाठोपाठ दिलेल्या आहेत. उत्तरांतला फरक १८ लाख माणसांचा आहे. माणशी रोज १३५ लिटर हे नेहमीचं प्रमाण लावलं, तर दिवसाला २४ कोटी लिटर पाणी. एवढ्या पाण्यासाठी धरणातला हिस्सा, जलवाहिनी, शुद्धीकरण केंद्र, आणि नंतर त्यातून होणारं सांडपाणी वाहून नेणाऱ्या वाहिन्या, हे सगळं या दोन उत्तरांमध्ये लोंबकळत राहतं.

प्रत्यक्षात अभियंते तीनचार रीतींनी आकडे काढतात, कधी त्यांची सरासरी घेतात, कधी आलेखावर जो आकडा पटतो तो धरतात. आराखड्यात मात्र शेवटी एकच आकडा छापला जातो, आणि तो कुठल्या समजुतीवर उभा आहे हे वाचणाऱ्याला कळत नाही. माझी तक्रार तिथे आहे. गेल्या दोन जनगणनांमधून एक रेघ ओढून ती पुढे वाढवत न्यायची, ही रीत संथ, स्थिर प्रदेशाला चालते. महाराष्ट्रात असे प्रदेश आता थोडे उरले आहेत.

२००१ ते २०११ या दशकात महाराष्ट्राची लोकसंख्या १६ टक्क्यांनी वाढली. त्याच दशकात ठाणे जिल्हा ३६ टक्क्यांनी वाढला आणि १ कोटी १० लाखांचा होऊन देशातला सर्वांत मोठ्या लोकसंख्येचा जिल्हा ठरला. पालघर त्यातून वेगळा व्हायला तेव्हा अजून तीन वर्षं होती. पुणे जिल्हा ३० टक्क्यांनी वाढला. आणि तीन जिल्हे चक्क आकसले: मुंबई शहर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग. रत्नागिरीत २००१ साली १६ लाख ९७ हजार माणसं होती, २०११ साली १६ लाख १५ हजार. तिथे ना साथ आली होती, ना दुष्काळ. एकाच राज्यात, एकाच दशकात इतकी टोकाची चित्रं दिसतात तेव्हा जन्ममृत्यूच्या हिशेबाने ती उलगडत नाहीत. जन्मदर जिल्ह्याजिल्ह्यांत वेगळा असतो, पण एवढा नाही. खरा फरक पाडतं ते येणं आणि जाणं.

म्हणून लोकसंख्याशास्त्रातली जी पद्धत आज जगभर पायाभूत मानली जाते, ती एकूण आकडा घेऊन चालत नाही. एडविन कॅनन या इंग्रज अर्थशास्त्रज्ञाने १८९५ मध्ये इंग्लंड आणि वेल्ससाठी ती प्रथम वापरली. लोकसंख्येचे पाच-पाच वर्षांचे वयोगट पाडायचे, स्त्री-पुरुष वेगळे ठेवायचे, आणि प्रत्येक गटाला पाच-पाच वर्षांनी पुढे सरकवत न्यायचं. त्यातून मृत्यू वजा करायचे, बाळंतपणाच्या वयातल्या बायकांच्या संख्येवरून जन्म काढायचे, आणि आलेगेले मिळवायचे-वजा करायचे. मराठीत तिला वयोगट पद्धत म्हणू. २०११ मध्ये जी मुलगी पाच ते नऊ वर्षांची होती ती २०३१ मध्ये पंचवीस ते एकोणतीसच्या गटात असेल, यात कसलाच अंदाज नाही. भविष्याचा बराच मोठा भाग आज जन्मून शाळेत बसलेला असतो, आणि तो या पद्धतीत सरळ दिसतो.

बीड जिल्हा घ्या. २०११च्या जनगणनेत तिथे सहा वर्षांपर्यंतच्या हजार मुलग्यांमागे फक्त ८०७ मुली होत्या. ज्या मुलींना तेव्हा जन्मू दिलं नाही, त्या २०३१ साली विशीत असत्या. बीडमध्ये तेव्हा प्रत्येक बाईला आजइतकीच मुलं झाली तरी जन्म कमीच होणार, कारण आयाच कमी असणार. एकूण आकड्याची रेघ ओढणाऱ्याला हे कधीही दिसणार नाही. अंगणवाड्या किती लागतील, वीस वर्षांनी प्रसूतिगृहात किती खाटा लागतील, हे ठरवताना त्या न जन्मलेल्या मुलींची उणीव हिशेबात येते. ती आठवण ठेवणं ही मला नियोजनाइतकीच न्यायाचीही गोष्ट वाटते.

या पद्धतीचं एक आटोपशीर रूप हॅमिल्टन आणि पेरी या अमेरिकी अभ्यासकांनी १९६२ मध्ये मांडलं. तालुक्याच्या, गावाच्या पातळीवर ते फार उपयोगी पडतं, कारण त्याला जन्ममृत्यूच्या नोंदी वेगळ्या लागत नाहीत. २००१ मध्ये दहा ते चौदा वर्षांचे किती होते आणि २०११ मध्ये वीस ते चोवीस वर्षांचे किती उरले, एवढंच पाहायचं. या वयात मृत्यू विरळ. म्हणजे जो फरक पडला तो स्थलांतराचा. कोकणातल्या तालुक्यांना हा हिशेब लावला की गळती कोणत्या वयात होते ते दिसतं: दहावी-बारावी झाली की मुलगा मुंबई, ठाणे, पुण्याकडे. रत्नागिरी जिल्ह्यात २०११ साली हजार पुरुषांमागे ११२२ बायका होत्या. हा आकडा कुणी स्त्री-सन्मानाचं लक्षण म्हणून सांगतो तेव्हा त्याला आठवण करून द्यावी लागते की त्यातला मोठा वाटा गावात नसलेल्या पुरुषांचा आहे.

इथपर्यंतचं काम लोकसंख्याशास्त्राचं. येणंजाणं पुढे किती राहील, हे मात्र ते शास्त्र एकट्याने सांगू शकत नाही. माणसं कामामागे जातात. लग्नामागे, शिक्षणामागेही जातात, पण एखाद्या गावाची किंवा शहराची उंची ठरवतं ते काम. म्हणून प्रदेशाच्या अर्थव्यवस्थेचा अभ्यास झाल्याशिवाय स्थानिक लोकसंख्येचं भाकीत करणं म्हणजे अर्धाच हिशेब मांडणं.

तो अभ्यास कसा करतात? एक जुनी आणि आजही उपयोगी कल्पना अशी: गावातली कामं दोन प्रकारची असतात. काही कामं बाहेरून पैसा आणतात, काही कामं गावातलाच पैसा गावात फिरवतात. इचलकरंजीत विठ्ठलराव दातारांनी १९०४ मध्ये पहिला यंत्रमाग कारखाना सुरू केला, आणि पुढे सारं शहर त्या मागांभोवती वाढलं. तिथलं कापड इचलकरंजीकर स्वतः नेसून संपवत नाहीत, ते देशभर जातं. हे बाहेरून पैसा आणणारं काम, म्हणजे पाया. किराणा दुकान, रिक्षा, शिकवणी, न्हावी, दवाखाना ही त्या पायावर उभी राहिलेली कामं.

पाया ओळखायला एक साधा गुणाकार-भागाकार पुरतो. समजा राज्यात दर १०० कामगारांपैकी २ कापडधंद्यात आहेत आणि एखाद्या शहरात ३० आहेत. तिसाला दोनने भागलं की १५ येतात. हा भागाकार एकाहून जितका मोठा, तितका तो धंदा त्या शहराचा खास. शहराच्या स्वतःच्या गरजेपुरते २ कामगार धरले, तर उरलेले २८ बाहेरच्या ग्राहकासाठी राबतात. दुसरा असा कोणता धंदा त्या शहरात नसेल, तर बाकीचे ७२ या २८ जणांच्या कमाईवर उभे आहेत, म्हणजे पायातल्या एकेका नोकरीमागे आणखी अडीच नोकऱ्या. मग प्रत्येक कामगाराच्या घरात किती माणसं, हे धरलं की धंद्यातल्या चढउताराचं रूपांतर लोकसंख्येच्या चढउतारात करता येतं. मी घेतलेले आकडे समजावण्यापुरते आहेत, पण ज्या यंत्रमाग शहरात सुताचे भाव आणि विजेचे दर बिघडले की चहाच्या टपरीपर्यंत मंदी उतरते, तिथल्या कुणालाही हे नातं नवं वाटणार नाही. मालेगाव, भिवंडी, इचलकरंजी यांच्या विकास आराखड्यांत वाढीचा दर लिहिण्याआधी यंत्रमागांचं पुढे काय होणार, यावर एक प्रकरण असायला हवं.

याच कल्पनेतून कोकणाचं कोडंही सुटतं. रत्नागिरीच्या कित्येक गावांचा पाया गावात नव्हताच, तो मुंबईच्या गिरणगावात होता. बाहेरून पैसा आणणारं त्यांचं काम म्हणजे चाकरमान्याची मनीऑर्डर. जानेवारी १९८२ मध्ये दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली सुमारे अडीच लाख गिरणी कामगार संपावर गेले, आणि त्यानंतर एकेक गिरणी बंद होत गेली. त्याची झळ परळ-लालबागेत बसली तशीच खेड, चिपळूण, संगमेश्वरातही बसली. मुंबई शहर जिल्ह्याची घट आणि रत्नागिरीची घट जनगणनेच्या तक्त्यात दोन वेगळ्या ओळींत येतात, पण त्यांचा इतिहास जोडलेला आहे. गिरणगावातल्या चाळींच्या जागी मनोरे आले, माणूस डोंबिवली, विरार, बदलापूरला सरकला, बिऱ्हाडही तिकडेच नेलं, आणि गावच्या घराला कुलूप लागलं. ठाणे जिल्ह्याच्या ३६ टक्के वाढीत या कुलूपबंद घरांचाही वाटा आहे.

प्रदेशाच्या वाढीतला किती भाग सगळ्या राज्याबरोबर आपोआप झाला, किती भाग तिथे नेमके तेजीतले धंदे असल्यामुळे, आणि किती त्या जागेच्या स्वतःच्या बळावर, हे तीन हिस्से वेगळे करण्याचीही रीत आहे. पिंपरी-चिंचवडला ती लावून पाहण्यासारखी आहे. १९५४ मध्ये पिंपरीला हिंदुस्थान अँटिबायोटिक्स आली, १९६२ मध्ये औद्योगिक विकास महामंडळ स्थापन झालं, मग वाहन कारखाने आणि त्यांना सुटे भाग पुरवणारी शेकडो वर्कशॉपं. १९७० मध्ये नगरपालिका, १९८२ मध्ये महानगरपालिका. पुढे हिंजवडीचं माहिती तंत्रज्ञान केंद्र शेजारच्या ग्रामपंचायतीत उभं राहिलं आणि तिथे काम करणारी माणसं महापालिकेच्या वाकडमध्ये राहायला आली. काम एका हद्दीत आणि घर दुसऱ्या हद्दीत अशी ही रचना असताना केवळ महापालिकेपुरता हिशेब केला तर तो चुकणारच. शिवाय विजेवर चालणाऱ्या गाडीला पेट्रोल इंजिनाचे कितीतरी सुटे भाग लागतच नाहीत. भोसरी आणि चाकणचे जे लघुउद्योजक फक्त तेच भाग बनवतात, त्यांचं पुढच्या दहा वर्षांत काय होईल, हा प्रश्न मला २०३१च्या लोकसंख्येसाठी मागच्या जनगणनेइतकाच महत्त्वाचा वाटतो.

महाराष्ट्रात हा विचार नवा नाही. धनंजयराव गाडगीळांनी गोखले अर्थशास्त्र संस्थेतून पुणे शहराची सामाजिक-आर्थिक पाहणी केली. १९६५ साली नेमलेल्या मुंबई-पुणे प्रदेशाच्या समितीचे अध्यक्षही तेच होते. त्यांचा आग्रह होता की शहराचा विचार भोवतालच्या प्रदेशासकट आणि उद्योगांच्या वाटपासकट व्हावा. १९६६चा प्रादेशिक व नगररचना अधिनियम त्याच विचारमंथनाच्या काळात आला. १९७० मध्ये सिडको स्थापन झाली आणि नवी मुंबई आखली गेली, ती २० लाख माणसांसाठी. इथे कामाचा विचार आधी केला होता: सरकारी कार्यालयं आणि घाऊक बाजार खाडीपलीकडे न्यायचे, माणसं मागोमाग येतील. बाजार गेले. मंत्रालय गेलं नाही. खाडीपूल १९७३ मध्ये झाला, पण लोकल वाशीला पोचायला १९९२ उजाडलं. १९९१च्या जनगणनेत नवी मुंबईच्या आजच्या महापालिका क्षेत्रात तीन लाखांच्या आसपास माणसं होती. रेल्वे आल्यावर चित्र बदललं आणि २०११ पर्यंत एकट्या महापालिकेत ११ लाख २० हजार झाली, पनवेलची बाजू वेगळी. म्हणजे आकडा चुकला तो लोकसंख्येच्या गणितामुळे नव्हे. ज्या निर्णयांवर तो बेतला होता ते निर्णय उशिरा झाले किंवा झालेच नाहीत. आज उलवे, उरण, पनवेलच्या आराखड्यांना अटल सेतू आणि ऑक्टोबर २०२५ मध्ये उद्घाटन झालेलं विमानतळ यांचा आधार आहे. त्यातली प्रत्येक गोष्ट कधी किती क्षमतेने चालेल, हे तिथल्या भाकिताबरोबर लिहून ठेवायला हवं.

आता आकड्यांच्या दुष्काळाबद्दल. २०२१ची जनगणना झाली नाही. त्यामुळे आज तालुक्याचा कोणताही आराखडा उघडा, पाया २०११चा सापडेल. महापालिकांची प्रभागरचनाही २०११वरच झाली. अन्नसुरक्षा कायद्यात राज्यातल्या सुमारे ७ कोटी लाभार्थ्यांची मर्यादाही त्याच जनगणनेवरून ठरलेली आहे. ज्या वाडीत २०११ नंतर दुप्पट माणसं आली, तिथे ही मर्यादा रोजच्या रेशनपर्यंत पोचते. केंद्राच्या तज्ज्ञ गटाने २०३६ पर्यंतची प्रक्षेपणं केली आहेत, पण ती राज्याच्या पातळीवर थांबतात. जिल्ह्याचं उत्पन्न अर्थ व सांख्यिकी संचालनालय काढतं, मात्र त्यातला बराच भाग राज्याच्या आकड्यातून निर्देशकांच्या आधाराने वाटून दिलेला असतो. शहरांच्या हद्दीही हलतात. पुण्यात २०१७ मध्ये ११ आणि २०२१ मध्ये २३ गावं आली. हद्दवाढीने आलेली माणसं आणि खरोखर वाढलेली माणसं वेगळी केली नाहीत, तर दर फुगतो आणि पुढची वीस वर्षं फुगलेलाच राहतो.

जनगणनेअभावी मग शाळेचे पट, वीजजोडण्या, मतदारयाद्या, घरपट्टीच्या नोंदी, जन्मनोंदी यांवरून अंदाज बांधावा लागतो. तो बांधता येतो, पण प्रत्येक नोंदीची खोड माहीत पाहिजे. गुंतवणुकीसाठी घेऊन बंद ठेवलेल्या फ्लॅटलाही मीटर असतो. चाकरमान्याचं नाव कधी दोन याद्यांत असतं. जन्माची नोंद आईच्या घरी होत नाही, बाळ जिथे जन्मलं तिथे होते. पहिलं बाळंतपण माहेरी करण्याची आपली चाल आणि जोखमीच्या बाळंतपणाला जिल्ह्याच्या दवाखान्यात जाणं, या दोन्हींमुळे तालुक्याचे जन्म भलत्याच गावी दिसतात. शाळेचा पट मला त्यातल्या त्यात विश्वासाचा वाटतो, कारण पहिलीतलं मूल पाचवीपर्यंत त्याच गावात राहिलं का, हे त्यातून कळतं.

एवढं करूनही चूक राहते. मुलूख जितका लहान आणि काळ जितका लांब, तितकी ती वाढते. राज्याचं दहा वर्षांचं भाकीत बरंच जवळ येतं, गावाचं तीस वर्षांचं फार दूर जाऊ शकतं. पाणीयोजना मात्र तीस वर्षांसाठीच बांधल्या जातात. यावर उपाय म्हणून मी तीन आकड्यांचा आग्रह धरीन: कमी, मधला, जास्त, आणि प्रत्येकासोबत त्यामागची अट. चाकणचे कारखाने असेच वाढले तर इतके. वाहनधंद्याला धक्का बसला तर इतके. मग जमीन जास्तीच्या आकड्याने राखून ठेवावी, कारण ती नंतर मिळत नाही. पंप आणि शुद्धीकरण केंद्र टप्प्याटप्प्याने मधल्या आकड्याने उभारावं. आकडा दर पाच वर्षांनी तपासावा. विकास आराखड्याची फेरतपासणी वीस वर्षांच्या मुदतीने करण्याची पद्धत आहे, आणि एवढ्या काळात चाकणसारखं खेडं औद्योगिक नगर होऊन जातं.

घटत्या लोकसंख्येच्या जागी तर डोक्यांची संख्या पुरतच नाही. प्राथमिक आरोग्य केंद्राचं प्रमाण सपाटीला ३० हजार माणसांमागे एक आणि डोंगरी, आदिवासी भागात २० हजारांमागे एक. रत्नागिरीत माणसं कमी झाली म्हणून केंद्रं कमी करून चालणार नाही, कारण जी माणसं उरली आहेत त्यांत म्हातारी जास्त आहेत आणि त्यांनाच दवाखाना सर्वांत जास्त लागतो. आणि गणपतीत, मे महिन्यात तेच गाव दुपटीने भरतं, आणि मे महिन्यात तर विहिरी तळाला गेलेल्या असतात. कोकणातली नळयोजना जनगणनेच्या फेब्रुवारीतल्या आकड्यावर बांधली तर ती एरवी पुरते, पण नेमकी मे महिन्यात अपुरी पडते.

फेब्रुवारीचा हा मुद्दा मराठवाड्यात आणखी तीव्र होतो. १ मार्च २०२७ हा संदर्भदिन धरून पुढची जनगणना जाहीर झाली आहे, आणि माणसांची मोजणी फेब्रुवारीत होणार आहे. आपल्या जनगणनेचा नियम असा की माणूस मोजणीच्या काळात एकदा तरी नेहमीच्या मुक्कामी असेल तर त्याला तिथे मोजायचं, पूर्ण काळ बाहेर असेल तर जिथे सापडेल तिथे. फेब्रुवारीत साखर कारखान्यांचा गळीत हंगाम जोरात असतो. धारूर, वडवणी, पाटोदा, शिरूर कासार, केज या तालुक्यांतले हजारो कोयते, म्हणजे नवराबायकोच्या जोड्या, मुकादमाची उचल फेडत सांगली, कोल्हापूर, सातारा आणि कर्नाटकातल्या फडांवर असतात. लहान मुलंही बरोबर असतात. ती माणसं फडाजवळच्या कोप्यांवर मोजली जातील किंवा सुटतील. बीडच्या तांड्याचा आणि वस्तीचा आकडा कमी येईल, आणि पुढची दहा-पंधरा वर्षं त्या कमी आकड्याप्रमाणे शाळेच्या खोल्या, पाण्याच्या टाक्या आणि आरोग्य उपकेंद्रं मंजूर होतील. पावसाळ्यात ती सगळी माणसं परत येतील तेव्हा त्यांच्यासाठी काहीच नसेल. हे टाळण्यासाठी फार मोठी यंत्रणा लागत नाही. ऊसतोड कामगारांची ग्रामसेवकांमार्फत नोंदणी करून ओळखपत्रं देण्याचं काम राज्याने आधीच हाती घेतलं आहे. २०२७च्या गावनिहाय आकड्यांशेजारी ही नोंदणी आणि जूनमधला शाळेचा पट मांडला, तर गावाचा पावसाळ्यातला आकडा मिळतो. जिल्हा नियोजन समितीने टाकीची क्षमता त्या आकड्यावर ठरवावी.